अण्णा साळुंके: पडद्यावरची पहिली तारामती (वारंवार विचारले जाणारे प्रश्न)

दादासाहेब फाळके यांच्याविषयी मराठीत भरपूर लिहिले गेले आहे. त्यांच्या कॅमेऱ्यासमोर लुगडे नेसून उभ्या राहिलेल्या माणसाची मात्र बहुतेक ठिकाणी एका ओळीत बोळवण होते: "हॉटेलातला आचारी होता, फाळक्यांनी त्याला तारामती केले." ही ओळ खरी आहे, पण तेवढ्यावर थांबणे अन्यायाचे आहे. या माणसाने भारतीय मूकपटाच्या पहिल्या पाच वर्षांत जे केले, ते करायला त्याच्यापुढे कोणताही नमुना नव्हता. खालची उत्तरे मुख्यतः १९१३ ते १९१७ या काळापुरती आहेत.

अण्णा साळुंके नेमके कोण?

मूकपटांच्या काळातले नट आणि पुढे छायालेखक, म्हणजे कॅमेरामन. पूर्ण नाव अण्णा हरी साळुंके. 'राजा हरिश्चंद्र' (१९१३) या फाळक्यांच्या पहिल्या कथापटात त्यांनी राणी तारामतीची भूमिका केली. 'लंकादहन' (१९१७) मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका त्यांच्याच होत्या. भारतीय पडद्यावरची पहिली दुहेरी भूमिका म्हणून ती ओळखली जाते.

नावाचे इतके वेगवेगळे लेखन का दिसते?

जुन्या सूचींत साळुंके, साळुंखे, सालुंके, ए. साळुंके, अण्णासाहेब साळुंके असे सगळे प्रकार आढळतात. माणूस एकच. शोध घेणाऱ्याने सगळी रूपे तपासावीत, नाहीतर छायालेखक साळुंके आणि नट साळुंके या दोन वेगळ्या व्यक्ती वाटतात. या गोंधळामुळे त्यांच्या अर्ध्या कारकिर्दीकडे अनेकांचे लक्षच जात नाही.

फाळक्यांना ते कुठे भेटले?

मुंबईत ग्रँट रोडवरच्या एका हॉटेलात. फाळके तिथे चहाला जात. शिडशिडीत बांधा, नाजूक हात आणि रेखीव चेहरा असलेला तिथला आचारी त्यांच्या नजरेत भरला. फाळके मुळात चित्रकार आणि शिळाछापाचे जाणकार. जे. जे. स्कूल ऑफ आर्ट आणि बडोद्याच्या कलाभवनात शिकलेले, राजा रविवर्म्याच्या छापखान्यासाठी काम केलेले. चेहरा आणि हात कागदावर कसे उतरतील हे पाहण्याची त्यांना सवय होती, आणि साळुंक्यांची निवड त्या सवयीतून झाली असे मला वाटते. हा माणूस बोलतो कसा, गातो कसा, याच्याशी मूकपटाला कर्तव्य नव्हते. तो दिसतो कसा आणि त्याचे हात काय सांगतात, एवढेच प्रश्न होते.

तारामतीसाठी बाई का मिळाली नाही?

फाळक्यांनी खूप प्रयत्न केले. वर्तमानपत्रांत जाहिराती दिल्या, पण घरंदाज बाई पुढे येईना. मग ते नाचगाणे करणाऱ्या आणि वेश्यावस्तीतल्या स्त्रियांकडे गेले. एक-दोघी आल्याही, पण कोणी टिकले नाही.

आज याचे नवल वाटते, पण मराठी रंगभूमीवरही तेव्हा बायकांच्या भूमिका पुरुषच करत होते. त्यातून सिनेमा हा कुणालाच न कळलेला धंदा. नाटकात निदान एक कंपनी, तिचे बिऱ्हाड, तिची शिस्त आणि तिचे नाव असे. इथे एक गृहस्थ विलायतेहून यंत्र घेऊन आले होते आणि दादरच्या आपल्या घरी राजे-राण्या उभ्या करू म्हणत होते. अशा ठिकाणी मुलीला कोण पाठवणार?

मग नाटकातला एखादा तयार स्त्रीपार्टी नट का घेतला नाही?

या प्रश्नात खरी मेख आहे. १९१३ हे वर्ष मराठी संगीत रंगभूमीच्या भरभराटीचे. त्याच वर्षी बालगंधर्वांनी गंधर्व नाटक मंडळी काढली. नावाजलेल्या स्त्रीपार्टी नटाला मान होता, पैसा होता आणि प्रेक्षकांचे प्रेम होते. हे सगळे सोडून मुक्या चित्रात उभे राहण्याचे त्याला काहीच कारण नव्हते. त्याची सगळी पुंजी गळ्यात, आणि नेमका गळाच इथे निरुपयोगी. पदावर वन्स मोअर घेणाऱ्याला सांगायचे की बाबा, तुझा आवाज कुणाला ऐकू येणार नाही, तर तो का यावा?

फाळक्यांना नाटकातले लोक अजिबातच मिळाले नाहीत असे नव्हे. हरिश्चंद्र झालेले दत्तात्रय दामोदर दाबके रंगभूमीवरूनच आले होते. पण तारामतीला शेवटपर्यंत कोणी मिळेना, आणि म्हणून साळुंके आले. रंगभूमीचा संस्कार नसणे हे त्यांच्या बाबतीत उलट उपयोगी पडले असावे. शेवटच्या बाकापर्यंत पोचण्यासाठी करायचे मोठे हातवारे त्यांना मोडावे लागले नाहीत.

त्यांना पगार किती होता?

हॉटेलात महिना १० रुपये मिळत. फाळक्यांनी १५ देऊ केले. ही पाच रुपयांची वाढ गमतीने सांगितली जाते, पण दहावर पाच म्हणजे दीडपट. शिवाय हॉटेलची नोकरी बारमाही होती आणि सिनेमाची कल्पना कुणालाच नव्हती. चित्र पुरे होईल की नाही, लोक बघायला येतील की नाही, यातले काहीच ठरलेले नव्हते. खुद्द फाळक्यांनी विमा पॉलिसीवर कर्ज काढले होते आणि त्यांच्या पत्नी सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने दिले होते. अशा डळमळीत कारखान्यात हातचे काम सोडून येणे हे धाडसच होते.

मिशीची गोष्ट खरी का?

स्त्रीभूमिका करणाऱ्यांना मिशी काढायला तयार करणे फाळक्यांना जड गेले, हे खरे आहे. त्या काळी मिशी उतरवली जाई ती वडील वारल्यावर. वडील हयात असताना मुलाने सफाचट तोंडाने घरी जायचे म्हणजे अभद्र. त्यामुळे प्रश्न नुसत्या नटाचा नव्हता, त्याच्या वडिलांची समजूतही काढावी लागे. तारामतीच्या सख्या झालेले पुरुषही याच अडचणीतून गेले.

अभिनय ते शिकले कुठे?

दादरला, फाळक्यांच्या घरात. दादर मेन रोडवरच्या त्या घराच्या आवारात चित्रीकरणाची जागा उभारली होती, तालमी तिथेच होत आणि मंडळींचे जेवणखाणही तिथेच. सरस्वतीबाई सगळ्यांचा स्वयंपाक करत, शिवाय रात्री अंधारात कच्च्या फिल्मला भोके पाडत आणि रसायनांचे कामही सांभाळत. या चित्राविषयी लिहिताना त्यांचे नाव राहता कामा नये.

स्त्रीभूमिकेतल्या नटांना फाळके एरवीही लुगडे नेसून वावरायला आणि घरातली कामे करायला लावत. यामागे विचार दिसतो. लुगड्यात उभे राहणे कुणालाही जमते. पण बसणे, उठणे, वाकणे, पदर सावरणे, डोक्यावरचा पदर न ढळता मान वळवणे हे अंगवळणी पडावे लागते. मूकपटात शब्दांचा आधार नसल्याने चाल खोटी पडली की सगळेच खोटे पडते.

आपण कुठे कामाला आहोत असे कुणी विचारले, तर 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत' असे सांगा, असा सल्ला फाळक्यांनी मंडळींना दिला होता. सिनेमात काम करतो म्हटले की लोक नावे ठेवत, फॅक्टरी म्हटले की पोटापाण्याची सोय. परेश मोकाशी यांच्या २००९ च्या 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' या चित्रपटाचे नाव इथून आले.

चित्रीकरण कसे होई? नटाला काय सोसावे लागे?

विजेचे दिवे नव्हते, सूर्यप्रकाश हाच दिवा. कॅमेरा हाताने फिरवायचा, तो त्र्यंबक तेलंग फिरवत. फाळक्यांनी हा विल्यमसन बनावटीचा कॅमेरा १९१२ मध्ये लंडनहून आणला होता. त्या काळच्या फिल्मला लाल रंग जवळजवळ दिसत नसे. कुंकू, ओठांचा रंग, लाल काठ सगळे काळे उतरे. त्यामुळे चेहऱ्याची रंगरंगोटी डोळ्यांना कशी दिसते यावर विसंबता येत नव्हते. फिल्म महाग होती. नटाला चुकायची मुभा नाही आणि आपण कसे दिसलो हे लगेच पाहायची सोयही नाही.

हे चित्र पुरे व्हायला ६ महिने २७ दिवस लागले. बाहेरच्या दृश्यांसाठी मंडळी वांगणीला गेली, तेव्हाचा एक किस्सा प्रसिद्ध आहे. ढाल-तलवारी घेतलेली ही टोळी पाहून गावकऱ्यांना वाटले दरोडेखोर आले, आणि प्रकरण पोलिसांपर्यंत गेले. शेवटी फाळक्यांनी कॅमेरा दाखवून समजूत घातली.

तारामतीच्या भूमिकेत करण्यासारखे काय होते?

बरेच. कथा आपल्या सगळ्यांना पाठ आहे: विश्वामित्राला दिलेले राज्य, वनवास, रोहिदासाचा मृत्यू, तारामतीवर आलेला खुनाचा आळ आणि नवऱ्याच्याच हातून तिचा शिरच्छेद होण्याची वेळ. म्हणजे एकाच नटाने राणी, आई, निर्वासित बाई आणि मरणाला सामोरी जाणारी पत्नी, इतके सगळे दाखवायचे, तेही मधून मधून येणाऱ्या पाट्यांखेरीज शब्दाचा आधार नसताना.

चित्र उघडते ते राजकुटुंबाच्या दृश्याने. हरिश्चंद्र रोहिदासाला धनुर्विद्या शिकवतो आहे आणि राणी शेजारी आहे. रोहिदास होता फाळक्यांचा मुलगा भालचंद्र. या मांडणीवर रविवर्म्याच्या चित्रांची छाप स्पष्ट आहे. राणीची बसण्याची ढब, मानेचा कल, दागिन्यांची ठेवण, सगळे लोकांनी भिंतीवरच्या तसबिरींत पाहिलेले. साळुंक्यांचे पहिले काम होते ती तसबीर हलती करणे.

दुसरे प्रसिद्ध दृश्य जलक्रीडेचे. राणी आणि सख्या पाण्यात आहेत आणि राजा तिथे येतो. ओलेती लुगडी नेसलेले ते सगळे पुरुष आहेत. आज कोणी याकडे पाहून हसले तर त्यात त्या नटांचा दोष नाही. भर उन्हात, लोकांसमोर, ओल्या लुगड्यात, चेहऱ्यावर राणीचा भाव टिकवून ठेवायचा होता. साळुंके तो टिकवतात, आणि मला त्यांच्या कामात सर्वांत आवडते ते हेच.

चित्र लोकांना केव्हा दिसले?

निमंत्रितांसाठी २१ एप्रिल १९१३ ला ग्रँट रोडच्या ऑलिम्पिया थिएटरात, म्हणजे साळुंके जिथे चुलीपुढे उभे असत त्याच भागात. सर्वांसाठी ३ मे १९१३ ला गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये. चित्राबरोबर नाच, विनोदी प्रवेश आणि पायांनी वस्तू झेलणाऱ्या कसरतपटूचा खेळ असा मिश्र कार्यक्रम होता. निव्वळ चित्रावर लोक येतील याचा तेव्हा भरवसा नव्हता.

पुढे सुरतेत पहिल्या दिवसाचे उत्पन्न तीन रुपये झाले, तेव्हा फाळक्यांनी जाहिरात केली: ५७,००० छायाचित्रांचा खेळ, दोन मैल लांबीचे चित्र, फक्त तीन आण्यांत. चार रिळांची मूळ लांबी साधारण ३,७०० फूट. एका फुटात १६ चित्रे, म्हणजे ५७ हजारांचा आकडा बराचसा बरोबर होता. दोन मैल मात्र जाहिरातीचे.

त्यांना भारतीय सिनेमाची पहिली नायिका म्हणावे का?

जपून म्हणावे. 'राजा हरिश्चंद्र' हा पूर्ण लांबीचा पहिला भारतीय कथापट मानला जातो आणि त्यातली प्रमुख स्त्रीभूमिका साळुंक्यांची, एवढे निर्विवाद. पण त्याआधी कलकत्त्यात हिरालाल सेन यांनी नाटकांतले प्रवेश चित्रित केले होते. मुंबईत दादासाहेब तोरणे यांचा 'श्री पुंडलिक' १८ मे १९१२ ला, त्याच कॉरोनेशनमध्ये लागला होता. तो रंगमंचावरच्या नाटकाचे चित्रण होता. पहिलेपणाचे बिरूद लावले नाही तरी साळुंक्यांचे काम लहान होत नाही.

पडद्यावर खऱ्या बाया लवकरच आल्या ना?

हो, फाळक्यांच्याच पुढच्या चित्रात. 'मोहिनी भस्मासुर' मध्ये दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची किशोरवयीन मुलगी कमलाबाई मोहिनी झाली. हीच पुढे कमलाबाई गोखले, चंद्रकांत गोखले यांच्या आई आणि विक्रम गोखले यांच्या आजी. दोघी रंगभूमीवरच्या होत्या.

मग चार वर्षांनी सीता पुन्हा पुरुष का, असा प्रश्न हमखास येतो. दोन धीट बायका आल्या म्हणजे रस्ता खुला झाला असे नसते. पडद्यावर येणाऱ्या स्त्रियांची वानवा पुढेही राहिली. आणि एव्हाना साळुंके कॅमेऱ्याला सरावलेले, दिग्दर्शकाचे म्हणणे अर्ध्या शब्दात समजणारे नट झाले होते.

'लंकादहन' मध्ये एकच माणूस राम आणि सीता कसा होऊ शकला?

कथेमुळे. लंकेच्या प्रसंगांत राम आणि सीता एकमेकांपासून दूर आहेत. सीता अशोकवनात, राम समुद्रापलीकडे. दोघांना फारसे समोरासमोर आणण्याची गरज नसल्याने दुहेरी भूमिका शक्य झाली. यात काटकसर होती का कल्पकता, यावर वाद घालण्यात अर्थ नाही. फाळक्यांच्या कामात या दोन्ही गोष्टी कायम हातात हात घालून चालत.

नटाच्या बाजूने पाहिले तर ही जबर परीक्षा आहे. विरहाची एक बाजू खेळायची आणि मग वेश बदलून तिचीच दुसरी बाजू. सीतेचे दुःख आत वळलेले, सोसणारे. रामाचे दुःख धनुष्य उचलणारे. गणपत शिंदे यांचा हनुमान आणि फाळक्यांची ट्रिक फोटोग्राफी यांचे नेहमी कौतुक होते, आणि ते रास्तच आहे. पण हनुमान ज्यांच्यामध्ये निरोपाची ये-जा करतो ती दोन्ही टोके एका माणसाने सांभाळली होती.

लोकांना ते पटले का?

पटले, आणि कसे! पडद्यावर राम दिसला की प्रेक्षक पायातले जोडे काढत. मुंबईत वेस्ट एंड थिएटरात सकाळपासून मध्यरात्रीपर्यंत खेळ चालले. पहिल्या दहा दिवसांत ३२,००० रुपये जमल्याचे सांगतात. मद्रासेला तर जमलेली नाणी बैलगाडीतून न्यावी लागली, अशी आठवण आहे.

सीतेचे भरदार दंड दिसत, हा शेराही हमखास ऐकू येतो. दंड दिसतात हे खरे. १९१३ मधला शिडशिडीत तरुण चार वर्षांनी भरला होता, आणि त्याच वेळी रामही उभा करत होता. ज्या प्रेक्षकांनी हे दंड पाहिले त्यांनीच त्याला हात जोडले. स्त्रीपार्टी पाहून तयार झालेल्या डोळ्यांना भूमिका आणि देह वेगळे पाहता येत होते. ही नजर आज आपल्यापाशी राहिलेली नाही, म्हणून आपण दंडांवर अडतो.

आज दिसणारी 'राजा हरिश्चंद्र'ची रिळे मूळची का?

चार रिळांपैकी पहिले आणि शेवटचे पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जपलेले आहे. यावर अभ्यासकांत मतभेद आहेत. फाळक्यांनी १९१७ मध्ये हीच कथा 'सत्यवादी राजा हरिश्चंद्र' म्हणून पुन्हा चित्रित केली, आणि उरलेली रिळे त्या दुसऱ्या चित्राची आहेत असे काही चित्रपट इतिहासकार मानतात. आपल्या विषयापुरता दिलासा असा की दोन्ही वेळची तारामती साळुंकेच. निकाल कसाही लागो, चेहरा त्यांचाच.

नंतर ते अभिनयातून बाहेर का गेले?

१९१८ मध्ये फाळक्यांनी भागीदारांसह नाशिकला हिंदुस्थान फिल्म कंपनी काढली आणि काम कारखान्यासारखे नियमित सुरू झाले. हळूहळू स्त्रियाही पडद्यावर येऊ लागल्या. साळुंके कॅमेऱ्यामागे गेले. अभिनय त्यांच्या नावावर पाचच चित्रपटांत दिसतो, पण छायालेखक म्हणून १९३१ पर्यंत तीसच्या आसपास चित्रपट आहेत. बोलपट आला त्या वर्षी ही नोंद संपते.

यात मला उतरण दिसत नाही. उजेड चेहऱ्यावर कसा पडतो, लाल रंगाचे काय होते, लुगड्याच्या घड्या कशा उतरतात हे या माणसाने स्वतःच्या अंगावर अनुभवले होते. छायालेखकाला याहून चांगले शिक्षण त्या काळात कुठे मिळणार होते? त्यांना 'तारामती झालेला आचारी' म्हणून लक्षात ठेवणारे त्यांची मोठी कारकीर्द सोडून देतात आणि छोटीच सांगत राहतात.

त्यांचे काम कुठे पाहता येईल? पाहताना काय पाहावे?

'राजा हरिश्चंद्र'ची उरलेली रिळे इंटरनेटवर सहज सापडतात. 'लंकादहन'चा काही मिनिटांचा तुकडा टिकला आहे आणि त्यात अशोकवनातली सीता आहे. आवाज बंद ठेवून पाहा. अनेक ठिकाणी नंतर जोडलेले संगीत आहे आणि ते लक्ष भलतीकडे नेते. पहिल्या वेळी कथा पाहा, दुसऱ्या वेळी फक्त तारामतीचे हात. शक्य असेल तर चित्र योग्य वेगाने चालते आहे ना हे तपासा, कारण हाताने फिरवलेल्या कॅमेऱ्याची फिल्म आजच्या वेगाने चालवली की माणसे दुडूदुडू पळतात आणि चांगला नटही विदूषक वाटू लागतो.

याच मंडळींपैकी आणखी कोणाचा शोध घ्यावा?

विश्वामित्र झालेले गजानन वासुदेव साने, हनुमान झालेले गणपत शिंदे आणि कॅमेरा फिरवणारे त्र्यंबक तेलंग. सुरुवात दाबक्यांपासून केली तर सोपे जाईल, त्यांच्याविषयी त्यातल्या त्यात जास्त लिहिलेले आहे.